महिन्यातला एक सोमवार

अण्णा,

आज डॉक्टरीणबाईंनी माझ्या दंडाला पट्टा बांधला, हवा भरली, सोडली, पुन्हा भरली. एकशे ऐंशी, एकशे दहा. मला काहीच होत नव्हतं. शाळेतून घरी जाताना सहज शिरले होते. "पुढच्या वेळीही अशाच या," त्या म्हणाल्या. "तयारी करून येऊ नका. मला तुमचा रोजचा आकडा हवाय." तयारी हा शब्द ऐकला आणि मी उठायचंच विसरले.

स्वातंत्र्याला तीनेक वर्षं झाली होती. आपण चौलहून उन्हातून चालत रेवदंड्याच्या दवाखान्यात गेलो. पारा दोनशेवर. डॉक्टरांनी नीट समजावलं : वरचा आकडा हृदय रक्त ढकलतं तेव्हाचा, खालचा ते दोन ठोक्यांमध्ये विसावतं तेव्हाचा. तुमचा खालचाही एकशे वीस.

"म्हणजे दोन्ही विषयांत नापास?" तुम्ही म्हणालात.

"हसू नका, गुरुजी. दुखत नाही म्हणून फसाल. मेंदूतली शीर फुटते यानं."

सर्पगंधेच्या गोळ्या रोज, मीठ अगदी कमी, महिन्यानं पुन्हा सोमवारी. चार दिवस तुम्ही पाळलंत. मग गोळीनं नाक चोंदतं, वर्गात डुलकी लागते म्हणून पुडी फळीवर गेली. खारी सुकट ताटात परत आली. कोळीण टोपली उतरवताना म्हणायची, "गुरुजींना कसला रोग? कसं लालबुंद हायत! त्या डाक्टरालाच दाखवा कुणाला तरी."

सोमवार जवळ आला तसं तुम्ही शाळा तपासायला दिपोटीसाहेब येणार असल्यासारखं सगळं काढलंत. तपासणीआधी आपण वर्ग सारवायचो, फाटका नकाशा गुंडाळून ठेवायचो, तसंच. शुक्रवारपासून अळणी पेज, वेळेवर गोळ्या, दुपारी पडून राहणं. सोमवारी बैलगाडी. पेज मी शिजवत होते, गाडी मी सांगितली. तुमची लेक वीस वर्षांची होते, मास्तरणीचं ट्रेनिंग पास झालेली. एकशे पन्नास, नव्वद. डॉक्टर खूश झाले. मला विचारलं, "घरी मीठ कमी आहे ना?" मी हो म्हणून मान हलवली. परतताना तुम्ही गाडीवानाला म्हणालात, "जरा हाक, सुकटीची वेळ टळतेय." मी हसले.

असे तीन सोमवार. तिसऱ्याला डॉक्टरांनी गोळी अर्धी केली.

पुढच्या गुरुवारी तुम्ही फळ्यापाशी कोसळलात. तोंड वाकडं, उजवा हात गेलेला. शनिवारी संपलं. येणाऱ्या प्रत्येकाला मी सांगत होते, काही कळलंच नाही, अचानक झालं. आज, इतक्या वर्षांनी, दवाखान्यातल्या खुर्चीत बसल्यावर मला दिसलं की महिन्याचे तीस दिवस होते आणि आपण डॉक्टरांना त्यातले तीनच दाखवत होतो. उरलेले सत्तावीस तुमच्या डोक्यात चालू होते. मी तशीच बसून राहिले. डॉक्टरीणबाईंना वाटलं मी माझ्या आकड्याला घाबरले.

दहाव्याला ते डॉक्टर आपल्या ओटीवर आले होते, हे तुम्हाला ठाऊक नाही. टोपी हातात घेऊन उभे राहिले. म्हणाले, "आकडा तर उतरला होता. मी गोळी कमी करायला नको होती. माझी चूक झाली, बाई." मी त्यांना पाणी दिलं. ते प्यायले, भांडं ठेवलं, आणि गेले. आपल्या तीन दिवसांच्या तयारीचं मी त्यांना सांगितलं नाही.

ते अजून आहेत, अलिबागला. थकलेत. त्यांचं घर मला माहीत आहे. हे पत्र खरं तर त्यांना लिहायला हवं होतं. तुम्हाला लिहिलं, कारण तुम्ही वाचणार नाही.