पहिल्या पानाच्या समासात

दादा,

तुझं माफीचं पत्र परवा पोचलं. पण माफी कशाची मागतोयस, तेच मला आठवेना. आपला अबोला आहे, एवढंच ठाऊक होतं.

मी काळपोथीच्या नकला करते, हे तू ऐकलं असशीलच. हजारो वर्षांची ही पोथी फुकट काही देत नाही. एक पान उतरवलं की उतरवणाऱ्याच्या आठवणीतला एक दिवस कायमचा जातो, तेव्हा कुठे शाई धरते. कुठला दिवस द्यायचा ते आपण ठरवायचं आणि समासात एका ओळीत लिहून ठेवायचं. आम्ही सगळे नको असलेले दिवस आधी देऊन टाकतो.

काल माझी जुनी पानं काढून बसले. म्हटलं, बारा वर्षांचा अबोला म्हणजे राग मी बरीच वर्षं जपला असणार. शोधत शोधत मागे गेले, तर तो पहिल्याच पानावर निघाला. माझ्याच अक्षरात: ‘आई आजारी असताना दादा दारातूनच परत गेला, तो दिवस.’

म्हणजे इथे कामाला लागले त्याच दिवशी माझा राग संपला होता. मग मी तुला पत्र का नाही टाकलं? नुसती सवय, दादा. दुसरं काही नाही.

हे तुला कळवायची हिंमत नाही, म्हणून हा कागद खणातच राहील. आजच्या पानाला कालचा दिवस द्यावा म्हणून समासात लिहायलाही घेतलं होतं. मग खोडलं. बारा वर्षं तू एक वाईट दिवस एकट्याने सांभाळलास. हा एक मी सांभाळते.

तुझी,
कुरकुरी