अपिलाचा निकाल लागेपर्यंत दार सुनेचं

मी, कुलूपवाल्याची विधवा, हे मृत्युपत्र माझ्या हाताने लिहीत आहे. अक्षर वेडंवाकडं आहे, डोकं नाही. कोणी धाक घातलेला नाही, घालून बघावा. दुसऱ्याकडून लिहून घेतलं असतं तर माझ्याआधी जावेला कळलं असतं. याआधी मी काही लिहून दिल्याचं कोणी दाखवलं तर ते रद्द, आणि बहुधा खोटं.

पहिलं, भांडणाचं. माझ्या कारखान्यातून मागच्या बोळात उघडणारं दार आहे. धाकटी जाऊ म्हणते, ती तिची वाट. नवरा गेला त्या दिवशी त्याच दाराने दिरांनी त्याचं किल्ल्या कापायचं मशीन नेलं. "वहिनी, सांभाळायला नेतो." अजून सांभाळतायत. मी दार बंद केलं. जाऊ कोर्टात गेली, जिंकली. हुकूम झाला, जावेला किल्ली द्या. मी अपील केलं. वकील म्हणाला, "आजी, अपील दाखल झालं, आता निवांत झोपा." झोपले. स्थगिती वेगळी मागावी लागते, तोवर हुकूम चालूच, हे त्याने मागाहून सांगितलं. तो जावेकडे चहा पितो.

मग किल्ली दिली. दुसऱ्या दिवशी कुलूप बदललं. कुलूप बदलू नका असं हुकुमात कुठेच नव्हतं. त्यावर आता कोर्टाचा अवमान केल्याची नोटीस आली. उद्या तारीख. आत टाकलं आणि तिथेच माझं काही झालं तर, म्हणून आज लिहिते.

दुसरं. घर आणि कारखाना माझ्या नावावर आहेत, ते सुनेला. मुलाला नाही. तो हल्ली न सांगता पाय चेपतो आणि काकांकडे जाऊन येतो. परवा जाऊ मला ऐकू जाईल अशी बोलली, "म्हातारी गेली की पोरगा अपील मागे घेणारच आहे."

सुनेचं नि माझं पटत नाही, गल्लीला ठाऊक आहे. पण ती दूधवाल्याचं मापही दोनदा बघते. मला म्हणाली, "तुमचं भांडण नको मला."

"घर पाहिजे ना? भांडण त्यातच आलं."

"मग वकील मी बदलणार."

तिथेच ठरलं.

माझ्यामागे तिने वारस म्हणून अपिलात नाव लावावं, आधी स्थगिती मागावी. नाही मिळाली तर दार उघडावं, माझ्यासारखी अक्कल चालवू नये. हरली तर कायमचं उघडं, कुरकुर नाही. पण निकालाआधी कोणाच्या गोड बोलण्यावर सही नाही.

मुलाला बापाची हत्यारं. त्याने विकायला नेली तर बाजार ओळखेल. शिल्लक नातीच्या शिक्षणाला. वकील झाली तर चहा तरी घरचा पिईल.

उद्या माफी मागेन, न्यायाधीशांची. नव्या कुलपाची किल्ली त्यांच्या टेबलावर ठेवेन. जावेच्या हातात मी देणार नाही.

साक्षीदार:
१. कोपऱ्यावरचा सायकलवाला. जावेशी बोलत नाही, माझ्याशीही नाही.
२. दवाखान्यातली नर्सबाई. मी शुद्धीवर असल्याचं तिने पाहिलं. तिने विचारलं, "आजी, मुलाला वाईट नाही का वाटणार?"
वाटू दे. वाटलं तर अजून माझाच आहे म्हणायचा.

सही: माझी, तिघांसमोर एकदाच केलेली. तिघांतली तिसरी म्हणजे माझी सून, ती साक्षीदार नाही, नुसती पहारा देत होती.
ठिकाण: राहत्या घरी.
तारीख: अवमानाच्या सुनावणीचा आदला दिवस.