आज मी मेलो नाही

२ ऑक्टोबर १९११, फोर्ट ली

आज पुन्हा मेलो. जूनपासून एकोणिसाव्यांदा! आमचा दिग्दर्शक हॅस्किन्स कर्ण्यातून ओरडत होता — "चीफ, छाती धरून मर! घाई नको!"

चीफ म्हणे. माझं नाव अँगस बोव्हे. चार महिन्यांत एकदाही त्याच्या तोंडी आलेलं नाही. डोक्यावर हा पिसांचा टोप. आम्ही मोहॉक, गोऱ्यांच्या आधीपासून इथं राहणारी जमात. आमच्यात असला टोप कुणी घालत नाही. सांगून पाहिलं. म्हणतो, "लोकांना पिसं हवीत."

५ ऑक्टोबर

पाऊस. चित्रीकरण नाही. मोझेसने — माझा चुलतभाऊ, तोही इथेच मरतो — दिवसभर चिडवलं: "तू मरतोस छान, पण पडताना कॅमेऱ्याकडे बघतोस!"

खरं आहे. बघतो. बघणारच! चेहरा दिसायला तेवढाच वेळ मिळतो.

११ ऑक्टोबर

आईचं पत्र. बहिणीकडून लिहवून घेतलेलं. जसंच्या तसं उतरवतो —

"नदीपलीकडे लाशीनला तुझा सिनेमा आला. शेजारणी मला हौसेनं घेऊन गेल्या. तू कड्यावरून खाली गेलास. तू धडधाकट आहेस, मला कळतं. तरी दोन दिवस घास उतरला नाही. पूल कोसळला तेव्हा तुझा बाप पडला, ते मी पाहिलं नव्हतं. आता पाहिलं."

बाबा गेले त्या वर्षी तिनंच मला पुलांच्या कामावरून ओढून खाली आणलं होतं. "जमिनीवरचं काही कर," म्हणाली होती. आणि मी हे केलं!

१२ ऑक्टोबर

आता नाही पडायचं. कुणासाठीच नाही.

१६ ऑक्टोबर

आजचं आजच लिहून ठेवतो.

सीन असा — गोऱ्या वसाहतवाल्याची गोळी लागून मी खडकावरून कोसळायचं. मी खडकावर चढलो. बंदूक वाजली. उभाच राहिलो.

"चीफ! पड!"

"नाही पडत."

"गोळी लागली तुला!"

"नेम चुकला त्याचा."

सगळे हसले. हॅस्किन्स लालबुंद. "मोझेस, तू चढ. तू मर." मोझेस जमिनीवर फतकल मारून बसला. "माझं पोट दुखतंय, साहेब." गावाकडचे बाकीचे चौघेही त्याच्याशेजारी बसले. सगळ्यांचंच पोट!

कॅमेरावाला एमिल करवादला, "उजेड चाललाय. काय ते ठरवा!"

"मग शेवट काय करू?" हॅस्किन्सनं कर्णा आपटला.

मी म्हटलं, "मी वळतो आणि चालत जातो. बस."

"जा! मर जाऊन!"

मी टोप काढून खडकावर ठेवला. वळलो. झाडीत शिरेपर्यंत सावकाश चाललो, मागे पाहिलं नाही. एमिल हँडल फिरवत राहिला. नंतर हळूच म्हणाला, "नुसती पाठ होती रे. पण बघत राहावंसं वाटलं."

१७ ऑक्टोबर

काढून टाकलं. फक्त मला. "चीफ, घरी जा."

"अँगस बोव्हे," म्हटलं.

"काय?"

"माझं नाव. कुठं तरी लिहून ठेवा."

२६ नोव्हेंबर, कानावागे

घरी येऊन महिना झाला. आई रोज उकडलेली मक्याची भाकरी आणि राजमा वाढते, काही विचारत नाही. गावातली पोरं मला पाहिलं की छाती धरून धडाधड पडतात.

खडकावरचा तो सिनेमा लाशीनला लागतोय. आई म्हणाली, "मी नाही येणार."

"चल. या वेळी मी चालत जातो."

"शपथ?"

"शपथ."

९ डिसेंबर

गेलो. पडद्यावर मी वळलो, चालू लागलो. आईनं माझा हात घट्ट धरला होता. तेवढ्यात पाटी आली — 'न्याय!' — आणि बंदुकीचा धूर. माझ्या कपड्यांतला, पिसांचा टोप घातलेला कुणी पाठमोरा माणूस कड्यावरून खाली गेला. मी नाही तो! मागाहून घेतलेला दुसराच कुणी. लोक टाळ्या वाजवायला लागले.

आई बाकावर चढली. साठीची बाई! आमच्या भाषेत ओरडली, "खोटारड्यांनो! माझा मुलगा इथं बसलाय!" आणि कॉलर धरून मला उभं केलं.

टाळ्या थांबल्या. दिवे लागले. मी खाली बसलो नाही.