तिवारीजींच्या क्वार्टरमधली खाला

८ जुलै
नागपूरहून इथे कंपनीच्या कॉलनीत येऊन महिना झाला, वर्गात कुणी बोलत नाही. तोंड उघडलं की माझ्या हिंदीला हसतात. मरोत मेले. बाबा सेकंड शिफ्टला, आई झोपलेली. जिन्यात बसले तर खालच्या क्वार्टरमधली म्हातारी ओरडली, "ए लड़की, बैठना है तो अंदर बैठ, काम कर." शिवणकाम करते. दोन पेटीकोटांना नाड्या घातल्या. भयंकर रागीट बाई.

१३ जुलै
रोज जाते. खाला म्हणते तिला, म्हणजे मावशी. ती हसत नाही मला. क्वार्टर कंपनीने तिवारीजींना दिलेलं. ते नेहरू नगरला स्वतःच्या घरी गेले, हिला भाड्याने देऊन. कंपनीत असं चालत नाही. खाला म्हणाली, "किसी से बोलियो मत." नाही बोलणार.

२ ऑगस्ट
काज करायला शिकले. पहिलं वाकडं. "अंधी है क्या?" मग शेवया दिल्या. आईला लायब्ररी सांगितलंय.

१४ ऑगस्ट
हिंदीत निबंध, 'मेरी सहेली'. खालावर लिहिला. मॅडमनी मोठ्याने वाचला!! मधल्या सुट्टीत वर्गातली रश्मी स्वतःहून आली. कोण खाला, कुठे राहते? सांगितलं. तिवारीजींचंही. अर्धा पराठा दिला तिने. यापुढे शेजारी बसायचं म्हणाली.

२१ ऑगस्ट
कंपनीच्या इस्टेट ऑफिसची माणसं आली. खालाच्या दारावर नोटीस, सात दिवसांत क्वार्टर रिकामं करा. रश्मीचे पप्पा त्याच ऑफिसात. मला माहीत नव्हतं.
खोटं. माहीत होतं, पहिल्याच आठवड्यात ती सगळ्यांना सांगत होती. कुणीतरी माझ्याशी बोलत होतं ना, म्हणून बोलत सुटले. मूर्ख. जेवण गेलं नाही. आई म्हणते ताप आहे.

२५ ऑगस्ट
दोनदा खाली गेले, दारातून परत. रश्मी वर्गात बोलते. मी पण बोलते. लाज वाटते.

२७ ऑगस्ट
टेम्पो आला. खाला करोंदला भाच्याकडे चालली, तिथे एकच खोली, मशीन कुठे ठेवणार कोण जाणे. आज सांगायचंच म्हणून उतरले. म्हटलं, "खाला, वो..." तिने हात धरला. "किसी ने चुगली खाई है. तू तो यहीं है, पता करके बताइयो मुझे."
हो म्हटलं.
तिने भाच्याचा पत्ता लिहून माझ्या हातात दिला.