पुसलेली टेप

प्रिय दादा,

खांद्याचं माप घेता घेता शिंपी तुझं सुट्टीचं गाणं म्हणायला लागला. तू शब्द विसरून नुसता गुणगुणलास, तिथे तोही गुणगुणला.

“इथे शब्द होते,” मी म्हणाले.

“कशाला हवेत, ताई? मजा इथेच तर आहे.”

रेकॉर्ड कंपनीने मुद्दाम तालमीची टेप बाजारात आणली, म्हणून तीस वर्षं तू कंपनीच्या नावाने खडे फोडतोस. दादा, शब्दांसकटची चांगली टेप माझ्याच हातून पुसली गेली. स्टुडिओतली नवी नोकरी होती. घाबरून गप्प बसले. पण शब्द असते, तर गाणं एवढं टिकलं असतं का?

तुझी,
धाकटी

ता. क. सकाळी पाकीट चिकटवत होते, तेवढ्यात तुझा फोन आला. “रेडिओवाले मुलाखत घेतायत. ते गुणगुणणं मलाच सुचलं होतं, असं सांगू?”

मी म्हणाले, “सांग.”