रोजचा अवघड शब्द

११ फेब्रुवारी

ताईच्या जबड्याचं हाड मोडलंय. एक्स-रे बघून डॉक्टरांनीच सांगितलं. ताईचं एकच— जिन्यावरून पडले. डॉक्टर म्हणाले, "जिन्याला बोटं असतात का हो?" गालावर चार वळ होते.

भावजी औषधं आणायला गेले तेव्हा बोलली, दात आवळून. आमच्या पेपरात मी रोज एक अवघड इंग्रजी शब्द देतो, अर्थ आणि उच्चारासकट. सकाळी चहा घेताना भावजी उत्तरावर अंगठा ठेवतात आणि तिला विचारतात. चुकलं की थप्पड. काल 'सिनेक्डकी' होता. ती 'सायनेकडोच' म्हणाली. थपडेवर भागलं नाही, वर मूठ.

माझाच शब्द!

१२ फेब्रुवारी

पोलिसांत जाऊ म्हटलं. "नको." माझ्याकडे राहा. "शोधत येईल." मग सदरच बंद करतो! "वेडा आहेस का? तो डिक्शनरी उघडेल. तुझा शब्द निदान तुला आदल्या दिवशी माहीत असतो."

खरंच की.

२० फेब्रुवारी

रोज संध्याकाळी, भावजी यायच्या आत फोन. मी उच्चारतो, ती घोकते. आज हसली— तारांनी बांधलेल्या जबड्याने! "शाळेत एवढं घोकलं असतं तर तुझी साहेब झाले असते."

२ मार्च

आठवडाभर मार नाही.

९ मार्च

काल 'टॅसिटर्न' सांगितला होता— अबोल. मी निघाल्यावर जाहिरात आली, जागा आक्रसली. पान लावणाऱ्याने माझ्या राखीव शब्दांतला कमी ओळींचा एक टाकला. "दोनच ओळी उरल्या साहेब. रोजचंच आहे." रोजचंच आहे, खरं. मीच विसरलो. छापून आला 'ट्रक्युलंट'— मारकुटा.

घाबरून ताईने घोकलेलंच सांगितलं. त्याला सगळं कळलं. "कोण शिकवतं?" तिने माझं नाव घेतलं नाही. तिचा डावा हात चौकटीत धरला आणि दार आपटलं. दोन बोटं. शेजारीणबाईंनी फोन केला. मी गेलो तर कडी आतून. चौकीवर म्हणे, "नवरा-बायकोचं आहे, उद्या बघू."

भावजी म्हणणं आजपासून बंद.

१० मार्च

तो मेला. इन्स्पेक्टरांनी फोनवर सांगितलं.

सकाळी त्याने पेपर उघडला, अंगठा ठेवला. ताईच्या धडक्या हातात इस्त्री होती.

उद्या कोर्टात उभं करतील. वकील तिला म्हणाले, कुणी काही विचारलं तर गप्प बसा.

"का?" ताई म्हणाली. "या वेळी उत्तर येतंय मला."