कमळूचा श्वास आणि माझे घड्याळ

मी, महेंद्र काळू रोकडे, वय वर्षे चोपन्न, व्यवसाय तहसील कचेरीत कारकुनी व साप्ताहिक 'माहुलीचे वारे' यात 'चिमटे' हे सदर लिहिणे, राहणार शहापूर, आज डोके ठिकाणावर असताना हे लिहून ठेवतो. २७ मार्चला, मंगळवारी, ठाण्यात माझ्या हृदयाचे ऑपरेशन आहे. मला हृदय आहे हे डॉक्टरांनी फिल्म दाखवून सिद्ध केले. काही वाचकांना ते अजून पटलेले नाही. माझ्यावर कोणाची जबरदस्ती नाही. पत्नी रश्मी जबरदस्ती करत नाही, नुसती बघते. याआधी मी मृत्युपत्र केलेले नाही.

१. शहापूरचे दोन खोल्यांचे घर, भविष्य निर्वाह निधी आणि बँकेतील ठेव (कलम ५ चा खर्च वजा जाता) ही सर्व स्वकष्टार्जित मिळकत रश्मीला. परसातला शेवगा तोडू नये अशी अट घालणार होतो, पण तो तिनेच लावलेला आहे.

२. मुरबाडच्या वडिलोपार्जित जागेतील माझा हिस्सा धाकटा भाऊ जगन यास. सन १९९१ मध्ये त्याने मला न विचारता माझ्या हिश्श्यात संडास बांधला. सोळा वर्षे मी त्याच्याशी बोललो नाही. आता तो संडास कायदेशीररीत्या त्याचा. सुखाने बसावे.

३. 'चिमटे'ची एकोणीस वर्षांची कात्रणे आटगाव स्टेशनबाहेरच्या भजीवाल्याला द्यावीत. कागद तेल चांगले ओढतो. यातून ७ मे १९९८चे एक कात्रण वगळावे. त्याच्यासाठीच हे मृत्युपत्र आहे, वरचे सगळे प्रास्ताविक समजावे.

४. खर्डीच्या वरच्या पाड्यावरचा कमळू धाकलू मेंगाळ शहापूरच्या एका बँडमध्ये सॅक्सोफोन वाजवायचा. एका वरातीत त्याला भातसानगरच्या धरण वसाहतीतल्या कारखानीस साहेबांनी ऐकले. साहेब पाटबंधाऱ्यात उपअभियंता आणि जॅझचे वेडे. तीन पावसाळे त्यांनी कमळूला घरी बसवून रेकॉर्डी ऐकवल्या. मग १९९७ साली कल्याणच्या एका लहान स्टुडिओत, मुंबईहून पियानो, बास आणि ड्रमवाले आणून, कॅसेट निघाली. नाव 'झोडणी'. सहा तुकडे, गाणे एकही नाही.

एका इंग्रजी पेपरने जॅझमध्ये याला 'हार्ड बॉप' म्हणतात असे सांगून डोक्यावर घेतले. पुण्याच्या एका मासिकाने राग ओळखू येत नाही अशी तक्रार केली. बँडमालक म्हणाले, यावर नवरदेवाचे घोडे बिथरेल. आणि मी 'चिमटे' लिहिले.

दुसऱ्या बाजूच्या शेवटच्या तुकड्यात कमळू एक सूर धरतो आणि सोडत नाही. मी घड्याळ लावले. दोन मिनिटे दहा सेकंद. मी लिहिले की एवढा वारा माणसाच्या छातीत मावत नाही, आरोग्य केंद्रात विचारून घ्या. टेप कापून जोडलेली आहे, आणि या कॅसेटवरचे सर्वात सुरेल वाद्य कात्री आहे. तालुका हसला. इंग्रजी पेपरवाल्याने माझाच हवाला देऊन आपले कौतुक मागे घेतले. दुसरी कॅसेट ठरली होती, ती राहिली. वरातींत पोरे कमळूला 'कात्रीवाला' म्हणून हाका मारू लागली. त्याने सॅक्सोफोन गोणपाटात गुंडाळून माळ्यावर टाकला आणि धरणावर रोजंदारीला लागला.

सन २००२च्या दिवाळीनंतर रेशनकार्डांच्या पडताळणीसाठी मी त्या पाड्यावर गेलो. भात झोडून झाले होते. खळ्यावर ऊन होते, बायामाणसे हातात हात गुंफून फेर धरत होती आणि मध्ये कमळू तारपा वाजवत होता. भोपळ्याचे ते लांब वाद्य. सवयीने माझा हात घड्याळाकडे गेला. पाच मिनिटे झाली. अकरा झाली. फेर उलटा फिरला, पुन्हा सुलटा झाला, सूर तुटला नाही. पुढे मी घड्याळ बघायचे विसरलो. माझ्या हातातल्या याद्या खाली पडल्या होत्या, त्या एका म्हातारीने गोळा करून दिल्या.

तो थांबल्यावर मी विचारले, "श्वास कधी घेतोस रे?"

"वाजवताना."

"वाजवताना कसा?"

"गाल भरलेलं ठेवाचं. गाल वाजतात तवर नाक वढून घेतं. माझा बापूस तसाच वाजवी. मधेच दम घेतला तर फेर मोडल, पाय कुठं टाकायचं लोकांनी?"

"मग तेव्हा सांगितलं का नाहीस?"

"तुमी मला इचारलाच नाय, भाऊ. तुमी घड्याळाला इचारला."

मी कारखानीस साहेबांकडे गेलो. त्यांनी कपाटातून स्टुडिओची मूळ टेप काढून माझ्या मांडीवर ठेवली आणि म्हणाले, "ही तुम्हीच ठेवा. कात्री शोधा." तीन रविवार मी ती टेप बोटांतून सरकवली. एकही जोड नाही. मग मशीनवर लावून ऐकली. तो सूर लागतो. ड्रमवाला थोडा वेळ साथ करतो, आता हा संपवेल म्हणून थांबतो. पियानोवालाही थांबतो. सगळे वाट बघत राहतात आणि सूर चालूच. शेवटी ड्रमवाला ब्रशने हळूच पुन्हा सुरू करतो, जसे कोणी चपला काढून आत यावे. मी ते शेकडो वेळा ऐकले असेल. अजून त्या जागी मी श्वास धरतो, आणि दर वेळी माझा आधी संपतो.

चूक कबूल करणारा मजकूर मी सात वेळा लिहिला. सातही वेळा तो विनोदी झाला. म्हणून आठव्यांदा अडीच ओळींत लिहिला आहे: "'झोडणी' या कॅसेटमध्ये काहीही कापलेले वा जोडलेले नाही. तो श्वास कमळू मेंगाळ यांचाच आहे. मी खोटे लिहिले." माझ्या मृत्यूनंतर हा मजकूर 'चिमटे'च्या जागी, त्याच टाइपात छापावा.

५. मूळ टेप, व सॅक्सोफोन दुरुस्त करून घेण्यास लागेल तेवढा माझ्या ठेवीतला पैसा, कमळू मेंगाळ यास.

६. घड्याळ, 'चिमटे' पुढे जो कोणी लिहील त्याला. माणसाला विचारून झाल्यावरच वापरावे.

दुरुस्ती. वरील मजकूर आज माझ्या घरी वाचून दाखवला. हजर: कमळू आणि 'माहुलीचे वारे'च्या संपादिका भागीरथीबाई. वकिलांनी बजावले आहे की ज्याला काही मिळते त्याने साक्षीदार होऊ नये. ते कमळूला सांगितले.

कमळू म्हणाला, "मंग मला नको काय. मी सही करतो."

"अरे, टेप तुझी आहे."

"मी वाजवलाय तो, मला म्हाईत हाय. तुमी लिवलंत ते कोणी बघितला पायजे." मग म्हणाला, "आन् मेल्यावर कशाला छापायचा? तुमी मेल्यावर लोकं म्हनतील, बिचारा. मी तवा जित्ता व्हतो, तुमी पन जित्तंच छापा."

रश्मी दारात येऊन बघत होती.

सबब कलम ४ मधील 'माझ्या मृत्यूनंतर' हे शब्द खोडले आहेत. त्याऐवजी 'येत्या गुरुवारी' असे वाचावे. भागीरथीबाईंनी जागा राखली आहे. ऑपरेशन त्यानंतर आहे. कलम ५ मध्ये कमळूऐवजी त्याची मुलगी हर्षाली हिचे नाव घातले आहे. ती तारपा वाजवते, आणि गाल भरलेले ठेवते. खाडाखोडीवर माझी सही आहे.

लिहून देणार: महेंद्र काळू रोकडे (सही)

आम्हा दोघांच्या डोळ्यांदेखत सही झाली:

१. भागीरथी विठू भोईर, शहापूर (सही)

२. कमळू धाकलू मेंगाळ, खर्डी (सही)

साक्षीदार क्र. २ यांच्या हस्ताक्षरात: वाचला. खरा हाय. गुरवारी बघतो.

शहापूर, ता. १७ मार्च २००७